समुद्रपूर तालुक्यातील हळदीचे एक दुकान: माल, भाव आणि कामाची मांडणी

वर्धा जिल्ह्यात हिंगणघाटहून गिरडकडे जाताना समुद्रपूर तालुक्यातील एका लहान गावात हळद, तिखट, डाळ आणि चटण्यांचे एक दुकान लागते. दुकानामागे टिनाच्या दोन शेड आहेत आणि माल निवडण्यापासून पुडी बंद करण्यापर्यंतची बहुतेक कामे तेथेच होतात. ही कामे करणारे जवळजवळ सगळे जण ऑटिझम, म्हणजे स्वमग्नता असलेले प्रौढ स्त्री-पुरुष आहेत. त्यांतील सर्वांत धाकट्या बाई विशीतल्या आहेत, तर सर्वांत वडील गृहस्थ चाळिशीला टेकले आहेत. दुकानाचे आणि गावाचे नाव येथे देत नाही, कारण काही कुटुंबांची तशी इच्छा आहे आणि त्यांतील एका आईने सांगितलेले कारण मला पूर्ण पटले: "लोकायनं हळद घ्याले यावं जी, आमच्या पोराले पाहाले नोको." ज्यांना खरोखरच हळद घ्यायची आहे, त्यांना हे दुकान शोधणे अवघड जाणार नाही.

तेव्हा आधी हळदीविषयी. वायगावची हळद याच तालुक्यातली; २०१६ मध्ये तिला भौगोलिक मानांकन मिळाले. गडद पिवळा रंग आणि सहा टक्क्यांहून अधिक कुर्कुमीन, म्हणजे हळदीला पिवळा रंग देणारा घटक, ही तिची ओळख. मानांकन मिळाल्यावर जे सगळीकडे होते तेच येथेही झाले आणि बाजारात वायगावच्या नावाखाली वाटेल ती पूड विकली जाऊ लागली. कृषी खात्यात नोकरी केल्यामुळे मला रंगापेक्षा ओलाव्याची काळजी अधिक वाटते. शिजवलेले हळकुंड उन्हात दहा-पंधरा दिवस नीट वाळले नाही, तर ड्रममध्ये घासून त्याला कितीही पॉलिश केले तरी आतला ओलावा जात नाही, आणि अशा हळकुंडांची पूड दोन पावसाळी महिन्यांत गोळा होऊन तिला कुबट वास येऊ लागतो. या दुकानात प्रत्येक पोत्यातील नमुना ओलावा मोजण्याच्या यंत्रावर तपासला जातो. दहा टक्क्यांच्या वर आकडा आला की पोते परत जाते, आणि ही मर्यादा भिंतीवर हाताएवढ्या अक्षरांत लिहिलेली आहे. तपासणी करणाऱ्या गृहस्थांपुढे एक व्यापारी "एवढं चालतंच भाऊ" म्हणत बराच वेळ उभा होता. त्यांनी दोनदा भिंतीकडे बोट दाखवले आणि तिसऱ्यांदा यंत्रच त्याच्या हातात दिले. पोते टेम्पोत परत चढले.

या प्रसंगावरून ऑटिझम असलेल्या माणसांना काही दैवी देणगी असते, असे कोणी म्हणू नये. त्या गृहस्थांच्या अंगी काटेकोरपणा आहे हे खरे. परंतु त्याहून महत्त्वाचे असे की मर्यादा आधी ठरवून, लिहून, सर्वांना दिसेल अशी लावली आहे आणि माल नाकारण्याचा अधिकार त्यांना स्पष्टपणे दिला आहे. आपल्याकडच्या किती दुकानांत नोकराला पोते परत पाठवण्याचा अधिकार असतो?

घरी आणलेल्या पुडीतील चमचाभर हळद पेलाभर पाण्यात टाकून पाहिली, तेव्हा पूड तळाशी बसली आणि पाण्याला फिकट पिवळी छटा आली. मेटॅनिल यलोसारखा कृत्रिम रंग असता तर पाणी भडक पिवळे झाले असते. वरणात ही हळद नेहमीच्या निम्मी पुरते. दळण थोडे-थोडे काढतात, कारण चक्की फार तापली की हळदीतील सुगंधी तेल उडून जाते. पुडी उघडताच हा फरक नाकाला कळतो. पाव किलोचे ११० रुपये पडतात. आठवडी बाजारातील सुट्या हळदीपेक्षा हा भाव बराच जास्त आहे, परंतु नागपुरात 'सेंद्रिय' म्हणून काचेच्या बरणीत मिळणाऱ्या हळदीपेक्षा कमी आहे आणि मालाच्या मानाने रास्त आहे.

तिखटाबाबत मात्र असे म्हणता येत नाही. मिरची भिवापुरी आहे, रंग सुरेख आहे, परंतु एकाच वेळी घेतलेल्या दोन पुड्यांपैकी एक बारीक आणि दुसरी भरड निघाली. चौकशी केली तेव्हा कारण कळले. मिरचीचा ठसका आणि चक्कीचा कर्कश आवाज येथील बऱ्याच जणांना सहन होत नाही. ऑटिझममध्ये आवाज, वास, उजेड आणि स्पर्श यांची संवेदना अनेकांच्या बाबतीत इतकी तीव्र असते की इतरांना किरकोळ वाटणारी गोष्ट त्यांना असह्य होते. त्यामुळे मिरचीचे दळण शेजारच्या गावातील गिरणीवर सोपवले आहे, आणि त्या गिरणीवर या दुकानाची शिस्त चालत नाही. कारण योग्य असले तरी भरड तिखटाचा त्रास ग्राहकालाच होतो. दळून आलेले तिखट दोन पुड्या उघडून पाहिल्यावरच घ्यावे आणि जाड असेल तर गिरणीवाल्याकडे परत पाठवावे. ओलाव्याला जी मर्यादा लावली, ती भरडपणाला लावता येणार नाही असे नाही. तूरडाळ निवडलेली आणि स्वच्छ आहे. त्यापलीकडे तिच्याविषयी सांगण्यासारखे काही नाही.

काउंटरवर बसणारे गृहस्थ तिशीतले आहेत. ते नजरेला नजर देत नाहीत आणि 'या, बसा' असेही म्हणत नाहीत. जिन्नस सांगितला की भाव, पुडी भरल्याची तारीख आणि शिल्लक किती हे एका दमात सांगतात. मी फेब्रुवारीच्या शेवटी हळद मागितली, तेव्हा ते म्हणाले, "काकाजी, ही मागच्या हंगामातली आहे. नवी मार्चात येईल. थांबता येत असेल तर थांबा." विक्री गमावून खरे सांगणारा दुकानदार आमच्या भागात मला क्वचितच भेटला आहे. भिंतीवरच्या पाटीवर तीन ओळी आहेत: भाव ठरलेले आहेत, एका वेळी एकाने बोलावे, उत्तराला थोडा वेळ लागू शकतो. ही पाटी काही सरकारी कचेऱ्यांतही लावावी असे मला वाटले, निदान तिसरी ओळ तरी. माझ्यापुढे असलेल्या एका बाईंनी त्यांना ओलांडून मागे उभ्या असलेल्या व्यवस्थापक ताईंना भाव विचारला, तेव्हा ताई म्हणाल्या, "त्यांनाच विचारा. मला पाठ नाहीत, त्यांना आहेत." एका ग्राहकाने उरलेले वीस रुपये 'राहू द्या, चांगलं काम करता' म्हणून परत घेतले नाहीत, तर त्या गृहस्थांनी तेवढ्या रकमेची हळदीची छोटी पुडी त्याच्या पिशवीत टाकली आणि बिलात ती लिहिली.

गिरडच्या टेकडीवरील दर्ग्याला जाणाऱ्या भाविकांची गर्दी असते, त्या दिवसांत काउंटरवर घरची मंडळी बसतात आणि हे गृहस्थ आतील वजनाचे काम पाहतात. हा बदल आयत्या वेळी सांगितला जात नाही, कॅलेंडरवर आठवडाभर आधीच खुणा केलेल्या असतात. ताईंनी मला शेडमध्ये नेले तेव्हाही त्यांनी आदल्या दिवशी सर्वांना कळवले होते आणि मी कोठे उभा राहीन हेही ठरवले होते.

शेडमधील मांडणी पाहण्यासारखी आहे, आणि ती खर्चिक मुळीच नाही. प्रत्येक टेबलावर कामाच्या पायऱ्यांची छायाचित्रे क्रमाने चिकटवलेली आहेत: पुडी उघडा, काट्यावर ठेवा, २५० चा आकडा येईपर्यंत भरा, बाजूला ठेवा. तोंडी सूचना शक्यतो देत नाहीत. ज्यांना आवाज सोसत नाही, ते कानांवर कापूस भरलेली झाकणे लावतात. थकवा आला तर मागच्या खोलीत अर्धा तास एकट्याने बसण्याची मुभा आहे आणि त्यासाठी कोणाला कारण सांगावे लागत नाही. मला सर्वांत आवडले ते 'लाईट गेली तर' असा मथळा असलेले कार्ड. आमच्याकडे वीज कधी जाईल हे सांगता येत नाही, आणि चालू काम अचानक थांबणे ही गोष्ट ऑटिझम असलेल्या अनेकांना फार अस्वस्थ करते. म्हणून प्रत्येकाच्या कार्डावर विजेशिवाय करण्याचे दुसरे काम लिहिलेले आहे. कोणी हळकुंडे निवडतो, कोणी लेबले लावतो. मी तेथे असताना वीज गेली. एकदोन मिनिटे कुजबुज झाली, कार्डे उलटली गेली आणि काम सुरू झाले.

नव्या माणसाला घेताना मुलाखत होत नाही. आठवडाभर तीन-चार कामे करून पाहायची आणि मग दोघांनी ठरवायचे, अशी रीत आहे. डेन्मार्कमध्ये थोरकिल सॉने यांनी मुलाला ऑटिझम असल्याचे निदान झाल्यानंतर २००४ मध्ये स्पेशलिस्टर्ने ही कंपनी काढली, तेव्हा त्यांनीही मुलाखतीऐवजी प्रत्यक्ष काम देऊन पाहण्याची पद्धत ठेवली होती. उमेदवारांना लेगोचे यंत्रमानव जोडायला देत असत. ती कंपनी सॉफ्टवेअर तपासणीची कामे घेते. समुद्रपूर तालुक्यात सॉफ्टवेअर नाही, हळद आहे. पण अनोळखी माणसापुढे बसून स्वतःविषयी गोड बोलता येणे ही हळद निवडण्याची पात्रता नव्हे, ही गोष्ट दोन्हीकडे सारखीच लागू पडते. ऑटिझम असलेल्या माणसाला एकच काम दिवसभर करायला आवडतेच, हा समजही येथे टिकत नाही. एक बाई पुड्या भरण्याला काही आठवड्यांतच कंटाळल्या आणि त्यांनी तसे कागदावर लिहून दिले. आता त्या जमाखर्चाची वही आणि मालाच्या नोंदी पाहतात.

हे दुकान उभे राहण्यामागे कायद्याचा आणि कागदपत्रांचा मोठा इतिहास आहे. त्यातील थोडा भाग येथे सांगणे आवश्यक वाटते, कारण अशीच मुले घरात असलेले अनेक आईवडील हा मजकूर वाचतील. १९९५ च्या अपंग व्यक्ती कायद्यात सातच प्रकार होते आणि त्यांत ऑटिझम नव्हता. त्यामुळे आज तिशी-पस्तिशीत असलेल्या कित्येकांच्या जुन्या प्रमाणपत्रांवर मतिमंदत्व असेच लिहिलेले आढळते. १९ एप्रिल २०१७ पासून लागू झालेल्या दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ मध्ये प्रकारांची संख्या २१ झाली आणि ऑटिझमचा स्वतंत्र उल्लेख आला. सरकारी नोकऱ्यांत चार टक्के आरक्षण मिळाले, परंतु त्यातील एकच टक्का ऑटिझम, बौद्धिक दिव्यांगता, विशिष्ट अध्ययन अक्षमता, मानसिक आजार आणि बहुविकलांगता या सर्वांना मिळून आहे, आणि त्यासाठीही किमान ४० टक्के दिव्यांगत्वाचे प्रमाणपत्र लागते. शाळेचा आधार अठराव्या वर्षाच्या आसपास सुटतो. त्यानंतर गावातल्या माणसाने करायचे काय, या प्रश्नाचे उत्तर आरक्षणातून मिळत नाही.

येथील मातांनी स्वयंसहायता समूह काढून ते उत्तर स्वतः शोधले. सूक्ष्म अन्नप्रक्रिया उद्योगांसाठीच्या केंद्र सरकारच्या योजनेत समूहातील प्रत्येक सदस्यामागे ४० हजार रुपयांपर्यंत बीजभांडवल मिळत होते, तर यंत्रांसाठी कर्ज काढल्यास ३५ टक्के अनुदान होते, त्याची कमाल मर्यादा १० लाख रुपये. चक्की आणि पुड्या बंद करण्याचे यंत्र यातूनच आले. ओलावा मोजण्याचे यंत्र ग्रामपंचायतीने दिले; ग्रामपंचायतीने स्वतःच्या उत्पन्नाच्या पाच टक्के रक्कम दिव्यांगांवर खर्च करणे अपेक्षित असते, हे आपल्याकडे फार थोड्या लोकांना ठाऊक असते आणि ज्यांना ठाऊक असते ते मागत नाहीत. अडचण आली ती बँकेत. कामगारांच्या नावाने खाती उघडताना एका शाखेने प्रत्येकासाठी कायदेशीर पालक आणण्यास सांगितले. वास्तविक २०१६ च्या कायद्याचे कलम १३ दिव्यांग व्यक्तीला स्वतःचे आर्थिक व्यवहार पाहण्याचा इतरांच्या बरोबरीने हक्क देते. ताईंनी त्या कलमाची मराठी प्रत अर्जाला जोडली आणि खाती उघडली गेली.

येथे माझी या दुकानाविषयीची मुख्य तक्रार येते. हळदीचा भाव भिंतीवर लिहिला आहे, ओलाव्याची मर्यादा लिहिली आहे, परंतु काम करणाऱ्याला रोजी किती मिळते हे कोठेही लिहिलेले नाही. विचारल्यावर ताईंनी लपवले नाही: पैसे थेट खात्यात जमा होतात, पुड्यांच्या संख्येवर नव्हे तर तासांवर मिळतात, आणि पूर्ण दिवसाचे गावात निंदणाला मिळतात तेवढे. तासांवर देणे हे उत्तमच आहे, कारण नगावर मजुरी दिली की ज्याला मध्येच शांत खोलीत जावे लागते त्याचेच नुकसान होते. परंतु निंदणाची मजुरी हे मसाला उद्योगाचे माप नव्हे. १९४८ च्या किमान वेतन कायद्यातील कलम २६ ने दिव्यांग कामगारांना त्या कायद्यातून वगळण्याची मुभा सरकारला दिली होती. दिव्यांगाचे काम म्हणजे अर्ध्या किमतीचे काम, ही समजूत तेव्हापासून रुजलेली आहे आणि चांगल्या हेतूने चालणाऱ्या संस्थांतही ती सापडते. येथे ती आहे असे मी म्हणत नाही. मात्र हळदीला पूर्ण भाव मागणाऱ्या दुकानाने रोजीचा आकडा भावाच्या पाटीशेजारी लावायला हवा.

ताईंनी यावर सांगितलेली अडचण खरी आहे. संजय गांधी निराधार योजनेचे अनुदान घेणाऱ्या दिव्यांग व्यक्तीच्या कुटुंबाला वार्षिक उत्पन्नाची ५० हजारांची मर्यादा असते. रोज दोनशे रुपये आणि महिन्याचे पंचवीस दिवस धरले तरी एकट्याची वर्षाची कमाई ६० हजार होते. दुकान उद्या बंद पडले तर तुटलेले अनुदान पुन्हा सुरू करण्यासाठी तहसीलचे हेलपाटे कोणी घालायचे, या धास्तीने दोन कुटुंबे आपल्या माणसाला आठवड्यातून तीनच दिवस पाठवतात. त्यांना दोष देता येत नाही.

दुसरी त्रुटी मालकीची आहे. समूहाच्या सदस्य माता आहेत, ठरावांवर सह्या त्यांच्याच असतात. काम करणारे त्या बैठकीत नसतात. कंटाळा आल्याचे कागदावर लिहून देणाऱ्या आणि सगळ्या नोंदी ठेवणाऱ्या बाईंना सदस्य करून घेण्यात काय अडचण आहे, हे मला कळले नाही.

याला अपवाद जवसाच्या चटणीचा आहे, आणि या दुकानातील माझ्या मते सर्वांत चांगला माल तोच आहे. ही चटणी समूहाची नाही. वजनाच्या टेबलावर काम करणाऱ्या पस्तिशीच्या एका गृहस्थांचा तो स्वतःचा व्यवसाय आहे. उद्यम नोंदणी त्यांच्या नावाने आहे आणि पुडीवरचा चौदा आकडी अन्न सुरक्षा क्रमांकही त्यांचाच आहे. ते फारसे बोलत नाहीत. प्रश्न लिहून दिला तर उत्तर लिहून देतात. जवस कमी भाजले तर चटणी कच्चट लागते आणि जास्त भाजले तर कडू होते, म्हणून ते घड्याळ लावून भाजतात आणि त्यांच्या दोन पुड्यांच्या चवीत मला कधी फरक आढळला नाही. वहीत जवस, लसूण, मिरची, मीठ, पुडी, लेबल, गॅस आणि स्वतःचे तास यांचा हिशेब असतो. स्वतःचे तास खर्चात धरणारा गृहोद्योग मी आमच्या भागात प्रथमच पाहिला. पापड-कुरडया करणाऱ्या आमच्या बायाबापड्यांनी ही वही एकदा अवश्य पाहावी. हिशेबाने पुडीची किंमत ४७ रुपये निघाली, म्हणून ती ४७ रुपयांनाच विकली जाते. सुट्या पैशांची कटकट नको म्हणून पन्नास करावी, असे सर्वांनी सुचवून पाहिले. त्यांनी चिठ्ठी लिहून दिली: "पन्नास कशाचे?" यावर कोणालाच उत्तर देता आले नाही, आणि आता काउंटरवर सुट्या रुपयांचा वेगळा डबा असतो. वडिलांचे काम हिंगणघाटच्या बाजारातून जवस आणून देण्यापुरते आहे.

लेबलाविषयी एक शब्द. पूर्वीच्या पुड्यांवर कामगारांचे छायाचित्र होते आणि 'विशेष मुलांनी प्रेमाने बनवलेली' असा मजकूर होता. ज्यांना चाळिशी जवळ आली त्यांना मुले म्हणणे शोभत नाही, शिवाय त्या मजकुराने हळदीविषयी काहीच कळत नाही. हळदीच्या पुडीवरून तो काढून टाकला आहे आणि तेथे आता हंगाम, ओलाव्याचा आकडा व दळल्याची तारीख छापलेली असते. तिखटाच्या जुन्या पिशव्या मात्र संपेपर्यंत वापरायच्या असे ठरलेले दिसते. त्या लवकर संपवाव्यात.

दुकान सकाळी दहा ते सायंकाळी पाच उघडे असते आणि एक ते दोन पूर्ण बंद असते. त्या वेळेत दार वाजवू नये. मोबाइलला रेंज नसली की फोनवरून पैसे देता येत नाहीत, म्हणून रोख जवळ ठेवावी. नवी हळद मार्चच्या मध्यानंतर मिळते आणि लग्नसराईमुळे मे महिन्यात बहुधा संपते. खाणावळीसाठी किंवा लग्नकार्यासाठी पाच किलोंहून अधिक माल हवा असल्यास मागणी आठ दिवस आधी लेखी द्यावी लागते, आणि एकदा दिलेली मागणी फोनवरून बदलून मिळत नाही. हळद आणि जवसाची चटणी निःशंकपणे घ्यावी. तिखट घेताना पुडी दाबून पाहावी.